हे-चार

साकाताच्या आमच्या न्हाणीघरात
दारातून आत आलं की डाव्या हाताला
जोड्यांच्या लाकडी पेट्या.
इ, रो, हा, नि, हो...
एका अक्षराच्या आठ पेट्या, प्रत्येकीला लाकडी किल्ली,
पाटीएवढी जाड, वाफेने फुगलेली.

दहाव्या अक्षराशी, नु-पाशी, भिंत संपते.
लहानपणी मला वाटायचं, भाषाही तिथेच संपते.
बाकीची सदतीस अक्षरं
बाहेर बर्फात उभी आहेत हे मला
कुणी सांगितलंच नव्हतं.

शाळेत गेले तर तिथे निराळाच पाढा.
अ, इ, उ, ए, ओ. मग क, मग स, मग त.
उदोनो मास्तर घशावर बोट ठेवून दाखवायचे,
आवाज कसा आतून निघून ओठांकडे येतो ते.
म्हणायचे, हा क्रम समुद्र ओलांडून आला,
भिक्षूंच्या झोळीतून, फार लांबून.
तो तोंडाच्या हिशेबाने लावलेला आहे.
आणि तुझ्या बापाच्या भिंतीवरचा?
तो मनाच्या.
त्यात प्रत्येक आवाज एकदाच येतो.
एकदा येऊन गेला की गेला.

मला त्यातलं काही कळलं नाही.
मी विचारलं, मग "हे"च्या रांगेत कुणी जोडे का ठेवत नाही?
सगळा वर्ग फिदीफिदी हसला.
(आमच्याकडे "हे" म्हणजे पादणं.
आणि चार म्हणजे मरण, उच्चार तोच म्हणून.)

त्या संध्याकाळपासून मास्तर
हे-चारमध्येच जोडे ठेवू लागले.
एकोणचाळीस वर्षं.
बाकीच्या पेट्या रिकाम्या असल्या तरी.
"इथे कधी गर्दी नसते," एवढंच म्हणायचे,
आणि टॉवेल डोक्यावर घेऊन आत.

गेल्या जानेवारीत एका रात्री
जोडे घालून निघाले ते किल्ली बाहीत ठेवूनच.
मी पाहिलं. हाक मारणार होते.
पण बर्फ पडत होता, दार उघडं ठेवलं की वाफ जाते,
म्हटलं, उद्या देतील.

उद्या आला नाही.

फेब्रुवारीभर हे-चार बंद.
माझा पुतण्या तेप्पेई म्हणाला, आत्या,
फोडून टाकू या ती पेटी. आणि एकूणच
हे जुनं कुणाला कळतं आता?
आकडे लावू. एक ते ऐंशी.
त्याने पट्ट्या मागवल्यासुद्धा, प्लास्टिकच्या, निळ्या.
गल्ल्याखाली पडल्या आहेत, खोक्यातच.

बर्फ वितळल्यावर मास्तरांची साएको आली.
रुमालात गुंडाळलेली किल्ली.
"कोटाच्या बाहीत सापडली. दंड किती झाला?"
मी दंड घेतला नाही. तिने संत्री ठेवली.
दोघी मिळून पेटी उघडली.

आत काय असणार?
पेटी रिकामीच होती.
तळाशी वाळलेला चिखल, मिठासारखा पांढरा पडलेला,
दोन टाचांचा.
साएको बराच वेळ तो बघत राहिली.
मग म्हणाली, "डावी टाच जास्त झिजायची त्यांची,"
आणि गेली.
फडकं हातात होतं माझ्या. पुसलं नाही.

आज मासेवाल्या हिगुरेंची नात आली,
यंदाच शाळेत जायला लागलेली.
बोटाने एकेक अक्षर लावत
सहाव्या रांगेपाशी पोचली आणि
खो खो हसत सुटली.
"मला हेच पाहिजे! आणि चारच!"
मी म्हटलं, घे.
तिने जोडे आत भिरकावले, मास्तरांच्या टाचांवर,
किल्ली ओढली, मनगटाला अडकवली,
मग मागे सरून सगळी भिंत पाहिली.

"हे चुकीचं लावलंय. अ कुठंय?"
अ फार पुढे आहे.
"किती पुढे? नुच्या नंतर काय येतं?"

नुच्या नंतर भिंत संपते.
खिडकी आहे, खिडकीत तेप्पेईची सायकल.
गल्ल्यावर दोघं जण सुट्ट्या पैशांसाठी खोळंबले होते.
मी तिच्या शेजारी उकिडवी बसले.

रु, म्हटलं.
नुच्या नंतर रु.